भाग ४ पुन्हा करताना : कामाच्या नोंदी

२ जून २०२५

काम : जुना भाग ४ नव्याने करणे. विषय जोशी-अभ्यंकर खून खटला, पुणे, १९७६-७७.

जुना भाग लॉकडाऊनमधला, मे २०२० चा. मोबाइलवर, कपड्यांच्या कपाटात डोकं खुपसून रेकॉर्ड केलेला. आजही चॅनेलवर सर्वांत जास्त पाहिला जाणारा भाग तोच आहे. त्याच्याच जिवावर पुढच्या वर्षी विम्याच्या दाव्यांचं टेबल सोडलं, माइक घेतला आणि नातेवाइकांत ‘खुनाचे व्हिडिओ करणारी’ अशी ओळख झाली. (चुलतबहिणीच्या लग्नात आत्याने व्याहीमंडळींना अगदी याच शब्दांत ओळख करून दिली. विहीणबाईंनी हात नमस्काराला जोडले ते लवकर सोडलेच नाहीत.)

आज पाच वर्षांनी सलग ऐकला. तेवीस मिनिटं. ‘थरकाप’ नऊ वेळा, ‘क्रूरकर्मा’ सहा वेळा. मागे घुबड ओरडतंय. भांडारकर रोडवर संध्याकाळी घुबड कशाला ओरडेल? भाच्याला विचारलं, तर म्हणाला, “मावशी, तेव्हा फुकटचे आवाज तेवढेच मिळायचे.” तेव्हा तो अकरावीत होता. आता एडिटिंगचे रीतसर पैसे घेतो.

एवढ्यासाठी पुन्हा करायचं का, असं तो विचारतोय. वापरलेल्या फोटोंवर हक्क नव्हता हे एक कारण. दुसरं अजून नीट सांगता येत नाही.

५ जून

पहिला दिवस वहीचा. जुनी स्क्रिप्ट बाजूला ठेवून तारखा स्वतंत्रपणे मांडल्या.

१६ जानेवारी १९७६ : प्रकाश हेगडे. टिळक रोडवरच्या अभिनव कला महाविद्यालयात मारेकऱ्यांच्याच वर्गात. वडिलांचं कॉलेजमागेच हॉटेल. पैशांसाठी पळवला, मारला, लोखंडी पिंपात घालून पेशवे पार्कच्या तळ्यात टाकला. घरच्यांना चिठ्ठी गेली, त्यामुळे मुलगा पळून गेलाय असंच बराच काळ वाटत राहिलं.

३१ ऑक्टोबर १९७६ : विजयानगर कॉलनी. अच्युत जोशी, पत्नी उषा, मुलगा आनंद.

नोव्हेंबरात शंकरशेठ रोडवर एका घरी प्रयत्न झाला, फसला.

१ डिसेंबर १९७६ : भांडारकर रोड, ‘स्मृती’ बंगला. पाच माणसं.

२३ मार्च १९७७ : अनिल गोखले. मित्राचा धाकटा भाऊ. प्रेत शिडीला बांधून बंडगार्डनजवळ नदीत टाकलं, ते वर आलं. तिथून धागा सुटत गेला आणि महिनाअखेर मुलं पकडली गेली.

जक्कल, सुतार, जगताप, शाह. कमर्शिअल आर्टचे विद्यार्थी. त्यांच्याबरोबरचा पाचवा माफीचा साक्षीदार झाला. १९७८ मध्ये फाशीची शिक्षा, २७ नोव्हेंबर १९८३ ला येरवड्यात चौघांना फाशी.

एक गोष्ट जुन्या भागात नव्हतीच : यातला जवळजवळ सगळा काळ आणीबाणीचा आहे. आणीबाणी उठली २१ मार्च १९७७ ला. गोखले गेला २३ ला. म्हणजे पुण्यात लोक निवडणूक निकालाचे पेढे वाटत होते त्याच आठवड्यात. आणि १९७६ ची वर्तमानपत्रं वाचायची ती सेन्सॉरशिपचा काळ आहे हे धरूनच.

९ जून

सापडलं. जुन्या भागात अकराव्या मिनिटाला माझ्याच आवाजात : “अभ्यंकर कुटुंबातल्या पाच जणांची निर्घृण हत्या.”

कुटुंबातले चार होते. काशिनाथशास्त्री, इंदिराबाई, नातू धनंजय, नात जाई. पाचवी सकूबाई वाघ. घरी काम करायची. वय साठच्या आसपास.

पुढचा अर्धा तास मी जुनी हार्डडिस्क उकरून मूळ स्क्रिप्ट काढली, म्हटलं निदान तिथे तरी नाव असेल. नाही. स्क्रिप्टमध्येही ‘कुटुंबातले पाच’. म्हणजे बोलताना जीभ घसरली असंही नाही. बेरीज बरोबर यावी म्हणून मी त्यांना अभ्यंकर करून टाकलं.

दाव्यांच्या टेबलावर अशी चूक केली असती तर फाइल परत आली असती. मृताचं नाव, वारसाचं नाव, नातं. तीन रकाने भरल्याशिवाय कागद पुढे जात नसे. इथे पाच वर्षं कुणी फाइल परत पाठवली नाही.

१२ जून

आज स्क्रिप्ट लिहायची होती, लिहिली नाही. खटल्यांच्या नावांवरच दिवस गेला. पण उपयोग होईल, म्हणून नोंद.

आपण एकाहत्तर भाग केले. त्यातल्या बहुतेक खटल्यांचं नाव आपण ठेवलेलं नाही, ते आयतं आलेलं आहे. ते कुणाचं असतं?

रमण राघव : मारणाऱ्याचं. साठच्या दशकातली मुंबई, फुटपाथवर आणि झोपड्यांत झोपलेली माणसं. ऑगस्ट १९६८ मध्ये पकडला गेला, फाशीची जन्मठेप झाली, १९९५ मध्ये इथेच ससूनमध्ये वारला. त्याच्यावर सिनेमे, पुस्तकं, आमचाही भाग १७. मेलेल्यांपैकी एकाचं नाव मला आत्ता वही न उघडता सांगता येत नाही.

नानावटी : आरोपीचं. २७ एप्रिल १९५९. इथे तर मेलेल्या माणसाचं नाव बाजारात विकलं गेलं. फेरीवाले मुंबईत आहुजा टॉवेल आणि नानावटी रिव्हॉल्व्हर अशी आरोळी देत होते. ज्युरीने आठ विरुद्ध एक मतांनी नौदल अधिकाऱ्याला सोडलं, हायकोर्टाने ते उलटवलं, सुप्रीम कोर्टाने १९६१ मध्ये जन्मठेप कायम केली, १९६४ मध्ये माफी मिळाली. आणि करंजियांचं ‘ब्लिट्झ’ साप्ताहिक पंचवीस पैशांऐवजी दोन रुपयांना विकलं जात होतं. आमच्या धंद्याचे खरे पूर्वज तेच. थंबनेल तेव्हा छापून यायचं, एवढाच फरक.

मानवत हत्याकांड : गावाचं. परभणी जिल्ह्यातलं अख्खं गाव. तिथल्या माणसाने नोकरीच्या मुलाखतीत गावाचं नाव सांगितलं की समोरचा काय विचार करत असेल?

जोशी-अभ्यंकर : मारल्या गेलेल्यांचं. यादीत हे वेगळं आहे, आणि मला ते नेहमी बरं वाटायचं. निदान या खटल्याला माणसं आठवतात ती घरातली. पण आज बोटांवर मोजलं. दहा खून. जोशी तीन, अभ्यंकर चार. सात झाले. हेगडे, गोखले, वाघ ही तीन नावं शीर्षकाच्या बाहेर. हेगडे आणि गोखले निदान कथेत येतात, कारण गोष्ट एकापासून सुरू होते आणि दुसऱ्यापाशी उलगडते. सकूबाईंना कथेतही काम नाही. त्या फक्त तिथे होत्या.

भाच्याला म्हटलं, या भागाचा धागा हाच. तो म्हणाला, “मावशी, हे सगळं बरोबर आहे. पण सर्चमध्ये लोक जक्कल टाकतात.”

तेही खरंच.

२० जून

पालख्या पुण्यात. रस्ते बंद, दोन मीटिंगा रद्द. आईकडे अडकले. तिला माइक लावला.

आई तेव्हा नारायण पेठेत, नववीत. माझ्या कामाबद्दल तिचं मत चांगलं नाही (“मेलेल्याच्या टाळूवरचं लोणी”), पण या विषयावर मात्र ती आपण होऊन बोलते. सांगितलेलं, तिच्याच शब्दांत काही :

“सात वाजले की वाड्याचा दिंडीदरवाजा बंद. आधी कधी नसायचा. अण्णा क्लासहून यायचे नऊला, तर त्यांनी खालून आपलं नाव सांगायचं. नुसतं ‘मी’ म्हटलेलं चालायचं नाही. मग वर आजी विचारणार, मी कोण? एकदा अण्णा चिडून म्हणाले, तुझा जावई! तर म्हणते, जावयाचं नाव सांगा.”

आणि : “सगळे म्हणायचे गुन्हेगार बाहेरचे असणार. पुण्याचे नसणारच. मग कळलं की टिळक रोडवरची पोरं. चित्रकलेची. त्याचा धक्का खुनांपेक्षा मोठा होता बघ.”

मी विचारलं, सकूबाई आठवतात का? आई थोडा वेळ गप्प. “मोलकरीण होती ना एक? होती. शास्त्रीबुवांचं नाव मोठं होतं ना, त्यामुळे…” आणि पुढे तिने काशिनाथशास्त्र्यांबद्दल सांगायला सुरुवात केली.

आवाज छान आला. गॅलरीखालून टाळ वाजत होते, ते काढायचे नाहीत.

२६ जून

वकील मैत्रिणीशी फोन, पाऊण तास. दरवर्षी एकदा तिच्याकडून उजळणी करून घेते. कामापुरतं :

कोर्टाच्या नोंदीत आलेलं छापता-सांगता येतं. मुख्य आधार १९९४ चा सुप्रीम कोर्टाचा निकाल, तमिळनाडूतल्या ऑटो शंकरचा. फाशीची शिक्षा झालेल्या त्या कैद्याचं आत्मचरित्र ‘नक्कीरन’ साप्ताहिक छापणार होतं आणि त्यात अधिकाऱ्यांचे लागेबांधे बाहेर येणार होते. कोर्ट म्हणालं, सार्वजनिक नोंदींवर आधारलेलं असेल तर परवानगी लागत नाही. त्याच्या पलीकडे जाऊन कुणाचं खासगी आयुष्य उघडं केलं तर जबाबदारी तुमची.

लैंगिक अत्याचाराच्या प्रकरणात पीडितेचं नाव नाही म्हणजे नाही. आधी भादंवि २२८-अ, आता न्याय संहितेचं कलम ७२. ती हयात नसली तरीही. (भाग ३१ मध्ये आपण गावाचं नाव घेतलं होतं. तेही काढलं पाहिजे. छोट्या गावात गावाचं नाव म्हणजे माणसाचंच नाव.)

निकालपत्र वाचून दाखवायला हरकत नाही. वर्तमानपत्रातले फोटो मात्र आपले नव्हेत.

आणि दरवेळी मी विसरते ते : मेलेल्या माणसाचीही बदनामी होऊ शकते, घरच्यांच्या भावना दुखावण्याच्या हेतूने केली असेल तर. कलम ३५६, पहिलं स्पष्टीकरण.

माफीच्या साक्षीदाराचं नाव भागात घेऊ नको, असं तिने सांगितलेलं नाही. कायद्याने घेता येतं. तरी घेणार नाही. बाकी चौघांची शिक्षा भोगून झाली. याचं आयुष्य त्यानंतर पुढे चालू राहिलं, ते माझ्या थंबनेलसाठी नाही.

३ जुलै

प्रायोजक आला. डिजिटल कुलपांची कंपनी. रक्कम माझ्या तीन महिन्यांच्या जाहिरात उत्पन्नाएवढी. अट : अभ्यंकर बंगल्याचं वर्णन संपलं की लगेच मी म्हणायचं, “आज तुमचं घर किती सुरक्षित आहे?”

मी मेलवर लिहिलं की दहातले दोघं ओळखीच्या मुलांबरोबर आपल्या पायांनी गेले होते. त्यांना कुठलं कुलूप लावणार? उत्तर आलं : “क्रिएटिव्ह अँगल आम्ही सुचवू.”

नाही कळवलं. दुपारभर चिडचिड झाली, कारण नको म्हटलेले पैसे मनात खर्च करून झाले होते. नवा लॅपटॉप घेतला होता मी मनात.

मराठीत हा धंदा करणं म्हणजे काय, हे बाहेरच्यांना कळत नाही. तोच विषय हिंदीत केला तर दर बरा मिळतो आणि प्रेक्षक कित्येक पटींनी जास्त. दरवर्षी कुणीतरी सांगतं, हिंदीत कर. करून पाहिलं होतं २०२२ मध्ये, चार भाग. माझ्या हिंदीत ‘वहाँ पे वो अंगण में पडा हुआ था’ छापाची वाक्यं आली आणि मी गप्प माघारी आले. अंगण तिकडेही असतं म्हणे, पण आंगन.

१५ जुलै

शूटिंग. सकाळी पेशवे पार्क. पाऊस भुरभुर. तळ्याकडे कॅमेरा लावला, तर मागून फुलराणीची, तिथल्या छोट्या आगगाडीची शिट्टी. शाळेची सहल आलेली, दोन रांगा, बाई हातात यादी घेऊन पोरं मोजतायत, “सत्तावीस, अठ्ठावीस, ए खाली बस.” भाचा म्हणाला, थांबू, गाडी जाऊ दे. मी म्हटलं, चालू ठेव. शिट्टीसकट घेतलं. जुन्या भागात याच तळ्यावर मी धुकं टाकलं होतं.

दुपारी भांडारकर रोड. इथे कॅमेरा काढलाच नाही. प्रत्यक्ष जागेचा शॉट हवाच असं भाच्याचं म्हणणं, ड्रोन भाड्याने घेऊ म्हणत होता. पण त्या रस्त्यावर आज लोक राहतात, दळण आणतात, गाड्या लावतात. जुन्या भागानंतर दोन पोरं ‘लोकेशन व्हिजिट’ करून आली होती आणि मला अभिमानाने व्हिडिओ पाठवला होता. कुणाच्या तरी वॉचमनला विचारत होती, “काका, कुठली खोली?” त्याला माझा भाग जबाबदार होता. रस्त्याची सर्वसाधारण दृश्यं, झाडं, तीही डेक्कनकडची. बस्स.

घरी येऊन अमृततुल्यचे दोन कटिंग, आणि सर्दी.

२२ जुलै

स्क्रिप्टचा दुसरा खर्डा. काय गाळलं, ते लिहून ठेवते, म्हणजे शेवटच्या रात्री घाईत परत आत येणार नाही.

गाठ. नायलॉनच्या दोरीची गाठ मारण्याची एक पद्धत होती, त्यावरून वेगवेगळे खून एकाच टोळीचे आहेत हे जुळलं, असं सांगतात. जुन्या भागात मी ती गाठ ओढणीला मारून दाखवली होती. लोकांना फार आवडलं होतं ते. गाठ होती आणि ती तपासात जुळली, एवढं पुरे.

कुत्र्यांना वास लागू नये म्हणून काय केलं, ते. युक्त्या शिकवायच्या नाहीत.

मरताना कोण काय म्हणालं. ते जे काही पसरलं ते मारणाऱ्यांच्या बाजूने आलेलं आहे. दुसरं कुणी सांगायला उरलंच नव्हतं. त्या वाक्यांवर जुन्या भागात मी ‘हृदयद्रावक’ संगीत टाकलं होतं. आता ती वाक्यं नाहीत.

काय वाढवलं : काशिनाथशास्त्र्यांचं काम. आधी ‘संस्कृत पंडित’ या दोन शब्दांत उरकलं होतं. त्यांचे वडील वासुदेवशास्त्री, ज्यांनी पतंजलीचं महाभाष्य मराठीत आणलं. त्याचा प्रस्तावनाखंड मुलाने लिहिला. संस्कृत व्याकरणातल्या संज्ञांचा त्यांचा इंग्रजी कोश १९६१ मध्ये बडोद्याहून निघाला आणि आजही अभ्यासक तो उघडतात. ग्रंथालयात तो मागवून पाहिला. एकेका प्रत्ययासाठी नोंद, खाली आधार. वाचनालयातल्या टेबलावर माझ्याशेजारी एमपीएससीची पोरं पाठांतर करत होती, आणि मी ‘अङ्ग’ या शब्दाची नोंद वाचत बसले. एका माणसाने आयुष्यभर काय केलं ते असं हातात घेता येतं, वजन कळतं.

मग सकूबाईंचा परिच्छेद लिहायला घेतला. नाव, वय, काम. तीन शब्दांत परिच्छेद संपतो. त्यापुढे कल्पनेने लिहिणं सोपं आहे : पहाटे उठल्या असतील, भांडी घासून निघणारच होत्या. जुनी मी हे लिहिलं असतं, डोळे पुसत. आमच्याकडच्या कामाच्या ताईंना मी अकरा वर्षं ओळखते, आडनाव यूपीआयमुळे कळलं, आणि त्या सकाळी किती वाजता उठतात ते मला आजही माहीत नाही. मग १९७६ च्या बाईंचं कुठून लिहू?

ठरवलं : भागाच्या सुरुवातीला दहा नावं. तारखेच्या क्रमाने, सारख्या अक्षरात, सारख्या वेळात. वय नाही, हुद्दा नाही, नातं नाही. सकूबाई वाघ हे नाव जाई अभ्यंकर आणि अनिल गोखले यांच्या मध्ये येतं. वाचायला ३४ सेकंद.

भाचा : “पहिल्या तीस सेकंदांत हुक लागतो मावशी. तू यादी वाचतेस.”

३० जुलै

नको ते शोधलं. सर्चमध्ये ‘अभ्यंकर कुटुंबातल्या पाच जणांची’ टाकलं. माझं वाक्य तीन चॅनेलांवर जसंच्या तसं, ‘निर्घृण’सकट. त्यातलं एक तर माणसाच्या आवाजातही नाही, यंत्राचा आवाज आहे, जो ‘भांडारकर’ला ‘भंडारकर’ म्हणतो. माझी स्क्रिप्ट उचलली याचा राग पाच वर्षांपूर्वीच येऊन गेला असता. आज राग वेगळाच. सकूबाईंना अभ्यंकर मी केलं आणि आता ते गावभर झालं. कुणी उद्या शोधायला बसला तर त्याला चार ठिकाणी तेच दिसणार. चार ठिकाणी दिसलं की खरं.

तक्रारीचा फॉर्म उघडला, तिघांसाठी. मूळ कामाचा दुवा द्यायचा असतो. म्हणजे चूक असलेल्या भागाचाच. उद्या भरू.

४ ऑगस्ट

रेकॉर्डिंग. ढोलपथकांचा सराव सुरू झालाय. म्हात्रे पुलाच्या बाजूने संध्याकाळी सहा ते दहा, घराच्या काचा थरथरतात. सकाळी शाळेच्या बस, दुपारी समोरच्या इमारतीचं ग्रायंडर. उरली पहाट. साडेतीनला उठले. कपाटात दोन गोधड्या टांगलेल्या आहेतच, तिसरी खाली. आत पंखा नाही, अर्ध्या तासात घामाने कागद चिकटतो.

दहा नावं सात वेळा घ्यावी लागली. सारख्या वेळात वाचायची म्हटलं की कळतं आपण कुठे थबकतो. ‘काशिनाथशास्त्री अभ्यंकर’ला आवाज आपोआप खाली जातो, मानाने. ‘सकूबाई वाघ’ पटकन संपतं, सहाच अक्षरं. सहाव्या वेळी उलट झालं, तिथे जास्तच रेंगाळले, म्हणजे दया आली. सातवा टेक ठेवला. चांगला नाही, पण सपाट आहे.

१२ ऑगस्ट

भाच्याने कच्चा कट दाखवला. सकूबाईंच्या नावापाशी एक चित्र. फोटो नाही म्हणून त्याने एआयकडून करून घेतलं, मला खूश करायला. नऊवारी, आडवं कुंकू, हातात पितळी तांब्या, मागे लाकडी खांबांचा वाडा. सुरकुत्या अगदी मायाळू.

“भांडारकर रोडला बंगला होता. वाडा कुठून आला?”

“बदलतो. बंगला टाकतो.”

“आणि चेहरा?”

“तो काय, कुणाचाच नाही.”

तेच तर. तो चेहरा एकदा बाहेर गेला की तीन चॅनेलं उचलणार आणि वर्षभरात तोच ‘दुर्मीळ छायाचित्र’ म्हणून फिरणार. बनावट दृश्य असेल तर तसं जाहीर करण्याची सोय प्लॅटफॉर्मवर आहे, ते खरं. पण ती पाटी चित्राबरोबर चोरली जात नाही. काढायला लावलं. तो हिरमुसला, कारण दोन तास गेले होते. दोन तासांचे पैसे दिले.

नावं काळ्यावर पांढरी. यशोमुद्रा नावाचा नेहमीचा टाइप.

१९ ऑगस्ट

काल रात्री आठला भाग गेला. शीर्षकात ‘जोशी-अभ्यंकर’ ठेवलं, शोधणाऱ्याला सापडायला हवं. थंबनेलवर चौघांचे चेहरे नाहीत, तळ्याचं दृश्य आहे.

पहिल्या तासात पिवळा डॉलर. जाहिराती मर्यादित. फेरतपासणीला टाकलं. गंमत म्हणजे ओढणीची गाठ, घुबड, किंकाळ्या असलेला जुना भाग पाच वर्षं हिरवा आहे.

जुन्या भागाच्या वर्णनात सगळ्यात वर दुरुस्ती लिहिली : अकराव्या मिनिटाला मी ‘कुटुंबातल्या पाच जणांची’ म्हटलं आहे. ते चूक आहे. चार जण अभ्यंकर कुटुंबातले, पाचव्या सकूबाई वाघ. भाग काढून टाकावा असं दोनदा मनात आलं. काढला नाही. चूक केली होती हे दिसलेलं बरं, आणि खरं सांगायचं तर घराचा हप्ताही त्यावर आहे.

२७ ऑगस्ट

गणपती बसले. दुपारी मोदकांनंतर आलेख पाहिला.

पहिल्या ३४ सेकंदांत साधारण निम्मे गेले. आलेखावर कडा पडल्यासारखी उभी रेघ. नंतर मात्र रेघ सपाट, जुन्या भागापेक्षा बरीच सपाट. जे थांबले ते शेवटपर्यंत. भाचा म्हणतो, यादी शेवटी नेऊ, अजून बदलता येईल. मी म्हटलं, शेवटी नावं सिनेमाची असतात, तोवर लोक उठून चप्पल शोधतात.

पिवळा अजून पिवळाच.

आईने पूर्ण ऐकला. पहिल्यांदाच. “टाळ ऐकू आले,” म्हणाली. मग बऱ्याच वेळाने, वाती वळता वळता : “वाघ होय आडनाव.”

९ सप्टेंबर

विसर्जन आटोपलं, शहर झोपा काढतंय. भाग ७२ चं वाचन सुरू केलं.

मध्येच तो यंत्राचा आवाजवाला चॅनेल समोर आला. काल नवा व्हिडिओ टाकलाय, जोशी-अभ्यंकरवर. माझी नवी स्क्रिप्ट. आईचा किस्सा ‘एका पुणेकर महिलेने सांगितले’ म्हणून, अण्णांसकट. तळ्याचं दृश्यही माझंच, डावी-उजवी बाजू उलटी करून, म्हणून फुलराणी उलट्या दिशेने जाते.

सुरुवातीला नावं. आवाज सगळी नावं सारख्या वेळात वाचतो, कारण त्याला दुसरं काही येत नाही. ‘भंडारकर’ अजून तसंच. पण अकराव्या मिनिटाला : “अभ्यंकर कुटुंबातले चार जण आणि सकूबाई वाघ.”

तक्रारीचा फॉर्म ३० जुलैपासून अर्धा भरून ठेवलेला होता. दुसरे दोन पाठवले. हा बंद केला.